निनावी राहिलेला द्वेष : मराठीतील मुस्लिमविषयक संज्ञांचा विचार

मराठीत मुसलमानांना उद्देशून वापरले गेलेले शब्द पुष्कळ आहेत. यवन, म्लेच्छ, अविंध, तुर्क हे त्यांपैकी ग्रंथांतून आढळणारे होत. बोलीतील शब्दांची यादी याहून मोठी आहे. तीत सुंतेवरून बनलेल्या शिव्यांचा भरणा अधिक असून त्या वाचकाला ठाऊक असल्यामुळे येथे उद्धृत करण्याचे प्रयोजन नाही. याउलट, ज्या मनोवृत्तीतून यांपैकी अनेक शब्द निर्माण झाले किंवा त्यांना त्यांची आजची अर्थच्छटा प्राप्त झाली, त्या मनोवृत्तीचा निर्देश करणारा सर्वमान्य शब्द मात्र मराठीत स्थिर झालेला नाही. नावे ठेवणारे शब्द विपुल, पण नावे ठेवण्याच्या वृत्तीला नाव नाही, अशी ही स्थिती आहे. ही केवळ कोशरचनेतील उणीव नव्हे. मराठी वाङ्मयविचारावर तिचा प्रत्यक्ष परिणाम होत आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

ऐतिहासिक कादंबरीतील मुस्लिम पात्रांचे चित्रण, मुस्लिम मराठी साहित्य, वृत्तपत्रीय भाषा हे विषय आता संशोधनाच्या कक्षेत आले आहेत. १९९० साली सोलापूर येथे मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरल्यापासून या विषयांना एक निश्चित अधिष्ठानही लाभले. परंतु या विषयांवर लिहिताना अभ्यासक एकाच गोष्टीसाठी कधी 'जातीयवाद', कधी 'जमातवाद', कधी 'धर्मांधता', कधी 'परधर्मद्वेष', तर अलीकडे इंग्रजीवरून घेतलेला 'इस्लामभय' असे शब्द अदलून बदलून योजतात. हे शब्द समानार्थी नाहीत. प्रत्येकाच्या पोटी कारणांची वेगळी मीमांसा आहे. संज्ञा निवडताना ही मीमांसाही आपण नकळत स्वीकारत असतो, म्हणून या शब्दांची तपासणी करणे आवश्यक ठरते.

१. जुने शब्द : वर्णनाकडून अवहेलनेकडे

प्रथम जुन्या शब्दांचा विचार करू. 'यवन' हा शब्द मुळात आयोनियन ग्रीकांचा वाचक होता. अशोकाच्या शिलालेखांत त्याचे प्राकृत रूप येते. महाराष्ट्रापुरते बोलायचे, तर कार्ले येथील चैत्यगृहाच्या स्तंभांवर धेनुकाकट येथील यवन दात्यांची नावे कोरलेली आहेत, आणि नाशिकच्या पांडवलेण्यांतील एक लेणे दत्तामित्री येथून आलेल्या इंद्राग्निदत्त नावाच्या यवनाने कोरविले आहे. म्हणजे महाराष्ट्राच्या भूमीवरील लेखांत हा शब्द प्रथम भेटतो तो आक्रमकाच्या नव्हे, तर दात्याच्या संदर्भात. पश्चिमेकडून आलेल्या कोणाही परक्याला हा शब्द पुढे लावला जाऊ लागला आणि कालांतराने तो मुसलमानांसाठी रूढ झाला.

'म्लेच्छ' या शब्दाचा मूळ संबंध धर्माशी नसून उच्चाराशी आहे. ज्याची वाणी अस्पष्ट, अपभ्रष्ट, तो म्लेच्छ. पतंजलीने व्याकरण शिकण्याचे प्रयोजन सांगताना हाच मुद्दा मांडला आहे. 'तुर्क' आणि 'ताजिक' ही तर सरळ वंशवाचक नावे होत. आजच्या पालघर जिल्ह्यातील चिंचणी येथे सापडलेल्या, इसवी सन ९२६ मधील राष्ट्रकूट ताम्रपटात संजान प्रांताचा कारभार ताजिक वंशातील मधुमती नावाच्या अधिकाऱ्याकडे असल्याचा उल्लेख आहे. 'मधुमती' हे मुहंमद या नावाचे संस्कृतीकरण असल्याचे अभ्यासकांनी दाखविले आहे. त्याच्या अनुमतीने देवीच्या मठाला दान दिले गेले, हे त्या ताम्रपटातच नोंदलेले आहे. ब्रजदुलाल चट्टोपाध्याय यांनी १९९८ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात आठव्या ते चौदाव्या शतकांतील संस्कृत साधनांची छाननी करून असे दाखविले, की त्या साधनांत आलेल्यांची ओळख प्रामुख्याने वंशावरून वा प्रदेशावरून केली जाते. एकसंध 'मुस्लिम' असा वर्ग तेथे सहसा कल्पिलेला नाही.

'अविंध' या शब्दाची गोष्ट थोडी निराळी आहे. ज्याचा कान टोचलेला नाही तो अविंध. येथे समोरच्या माणसाची व्याख्या त्याच्याजवळ काय आहे यावरून न होता आपल्या संस्कारांपैकी कोणता त्याच्यावर झालेला नाही यावरून होते. तरीही हा शब्द केवळ हेटाळणीचा होता असे म्हणता येत नाही. श्रीगोंद्याचे संतकवी आणि 'योगसंग्राम'कार शेख महंमद यांनी तो स्वतःला लावून घेतला, आणि असा अविंध असलेल्या आपल्या अंतःकरणात ईश्वराचा वास आहे असे सांगितले. शब्दातील उणेपणा पत्करून त्यातील तुच्छता निष्फळ करण्याचा हा प्रकार आहे. एकनाथांच्या 'हिंदू-तुर्क संवादा'तही दोन्ही पक्ष एकमेकांच्या आचारांची यथेच्छ टर उडवतात. पण तेथे उणीदुणी काढण्याचा अधिकार दोघांनाही सारखाच आहे, आणि शेवट समेटात होतो.

या इतिहासावरून एक गोष्ट स्पष्ट होते. शब्द जन्मतः द्वेषवाचक नसतो. एकोणिसाव्या शतकात ऐतिहासिक कादंबरी आणि राष्ट्रीय वृत्तीचे इतिहासलेखन यांनी 'यवन' आणि 'म्लेच्छ' हे शब्द पुन्हा चलनात आणले, तेव्हा त्यांतील वंश, प्रदेश, वाणी हे जुने संदर्भ गळून पडले होते. बखरीतला एखादा विशिष्ट सरदार वा पातशहा जाऊन त्याच्या जागी 'यवन' नावाची एक सर्वकालीन जात उभी राहिली. जेम्स मिल याने १८१७ साली प्रसिद्ध केलेल्या हिंदुस्थानच्या इतिहासात जी काळविभागणी रूढ केली, तिचाही यात वाटा आहे. हिंदू, मुसलमानी आणि ब्रिटिश अशी ती विभागणी होय. पहिल्या दोन कालखंडांना धर्माचे नाव मिळाले. तिसऱ्याला ख्रिस्ती असे कोणी म्हटले नाही. 'मुसलमानी अंमल' हा शब्दप्रयोग आपण आजही निःशंकपणे करतो, पण 'ख्रिस्ती अंमल' असे लिहीत नाही. या बाबतीत मराठी वाङ्मयेतिहासातील यादवकाळ, बहमनीकाळ, शिवकाळ ही राजवंशांवर वा राजपुरुषांवर आधारलेली परिभाषा अधिक शास्त्रशुद्ध आहे, हे मान्य केले पाहिजे.

२. 'जातीय' आणि 'दंगल'

आधुनिक काळात हिंदू-मुस्लिम वैमनस्याचे वर्णन करण्यासाठी मराठीने 'जातीय' हे विशेषण पत्करले. हमीद दलवाई यांच्यासारख्या काटेकोर लेखकानेही मुस्लिम राजकारणाची चिकित्सा करताना 'मुस्लिम जातीयता' हाच शब्द योजला आहे. या विशेषणाची अडचण अशी, की मराठी समाजात 'जात' या शब्दाला एक निश्चित आणि अत्यंत वास्तव असा अर्थ आहे. १९७८ साली नामांतराच्या प्रश्नावरून मराठवाड्यात दलित वस्त्यांवर झालेले हल्लेही 'जातीय', आणि डिसेंबर १९९२ व जानेवारी १९९३ मधील मुंबईचा हिंसाचारही 'जातीय'. दोन्हींची कारणे, इतिहास आणि स्वरूप भिन्न असताना विशेषण एकच. 'जमातवाद' हा शब्द हा घोटाळा टाळण्यासाठी पुढे आला आणि तो निश्चितच अधिक सोयीचा आहे. परंतु तोही राजकीय विचारप्रणालीचा वाचक आहे. धर्मावर आधारलेला जनसमूह हाच राजकीय हितसंबंधांचा एकक मानणारी भूमिका म्हणजे जमातवाद. ती हिंदूंची असू शकते, मुसलमानांची असू शकते, शिखांची असू शकते. मुस्लिम भाडेकरूला घर नाकारणारा मनुष्य जमातवादी असेलच असे नाही. कित्येकदा त्याला राजकारणात काडीचाही रस नसतो. त्याच्या कृतीला 'जमातवाद' म्हणणे म्हणजे व्याधीला भलतेच नाव देणे होय.

'दंगल' हा शब्दही तपासण्यासारखा आहे. कुस्त्यांच्या फडालाही आपण दंगल म्हणतो. दंगल म्हटली की दोन मल्ल, दोन बाजू, चुरशीची झुंज, असे चित्र डोळ्यांपुढे येते. मुंबईच्या हिंसाचाराची चौकशी करणाऱ्या न्यायमूर्ती श्रीकृष्ण आयोगाच्या १९९८ सालच्या अहवालानुसार त्यात ९०० माणसे मृत्युमुखी पडली. त्यांपैकी ५७५ मुसलमान आणि २७५ हिंदू होते. मृत्यू दोन्हीकडे झाले, ही गोष्ट कोणी नाकारू नये. पण कोणत्या टप्प्यावर कोणी कोणाविरुद्ध काय केले, हा प्रश्न 'जातीय दंगल' या शब्दयोजनेत विचारताच येत नाही. शब्दाने उत्तर आधीच देऊन ठेवलेले असते : दोघे भांडले.

३. पाश्चात्त्य संज्ञेचा प्रवास

अशा वेळी इंग्रजीतील 'इस्लामोफोबिया' या संज्ञेकडे अभ्यासकांचे लक्ष जाणे स्वाभाविक आहे. तिचा इतिहास मात्र आपल्याकडे फारसा ध्यानात घेतला जात नाही. ही संज्ञा मूळची फ्रेंच. १९१० साली आलँ केलियँ आणि मोरिस देलाफोस या दोघांनी पश्चिम आफ्रिकेतील फ्रेंच धोरणाची चर्चा करताना ती वापरली. दोघेही फ्रान्सच्या वसाहतविषयक शासनाशी संबंधित होते. इस्लामविषयीच्या पूर्वग्रहामुळे वसाहतीचा कारभार बिघडतो, अशी त्यांची तक्रार होती. १९१८ साली चित्रकार एत्येन दिने आणि स्लिमान बेन इब्राहिम यांनी लिहिलेल्या प्रेषितचरित्रातही ती आढळते. एडवर्ड सैद यांनी १९८५ सालच्या एका निबंधात तिचा उपयोग केला. ती सार्वत्रिक झाली ती १९९७ साली, ब्रिटनमधील रनिमीड ट्रस्टच्या अहवालामुळे. गॉर्डन कॉन्वे यांच्या अध्यक्षतेखालील आयोगाने तयार केलेल्या त्या अहवालात इस्लामकडे पाहण्याच्या 'बंदिस्त' आणि 'खुल्या' अशा दोन दृष्टींची आठ मुद्द्यांवर तुलना केली होती.

या संज्ञेची ब्रिटनमध्ये गरज का भासली, हेही पाहिले पाहिजे. तेथील १९७६ च्या वंशविषयक कायद्याखाली ज्यूंना आणि, १९८३ सालच्या एका न्यायनिर्णयानंतर, शिखांना वांशिक गट म्हणून संरक्षण होते. मुसलमान अनेक वंशांचे असल्यामुळे त्यांना ते मिळत नव्हते. एखाद्याला पाकिस्तानी म्हणून नोकरी नाकारणे बेकायदेशीर ठरे. मुसलमान म्हणून नाकारणे तेव्हा कायद्याच्या कक्षेबाहेर राही. शब्द नव्हता म्हणून कायद्यात जागा नव्हती, आणि कायद्यात जागा नव्हती म्हणून शब्दाची निकड होती.

पुढे या संज्ञेवर जी टीका झाली ती आपल्या दृष्टीने अधिक उद्बोधक आहे. पश्चिम आशियाचे अभ्यासक फ्रेड हॅलिडे यांनी १९९९ साली असा आक्षेप घेतला, की आजचा हल्ला इस्लाम या श्रद्धेवर नसून मुसलमान या माणसांवर आहे. म्हणून संज्ञाही माणसांचा निर्देश करणारी हवी. १९९७ चा अहवाल प्रसिद्ध करणाऱ्या रनिमीड ट्रस्टनेच २० वर्षांनी, २०१७ साली, दुसरा अहवाल काढून या वृत्तीला मुस्लिमविरोधी वंशवाद म्हटले. असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेने २०१२ साली आपल्या शैलीपुस्तिकेत राजकीय-सामाजिक संदर्भात 'फोबिया' हा प्रत्यय टाळावा असे सुचविले; हेतू ज्ञात नसताना माणसाला मनोरुग्ण ठरविणे योग्य नव्हे, असा त्यामागील विचार. जर्मनीत शासनाने नेमलेल्या तज्ज्ञमंडळाने आपल्या २०२३ सालच्या अहवालासाठी इस्लामचा नव्हे, तर मुसलमानांविषयीच्या वैरभावाचा निर्देश करणारी संज्ञा स्वीकारली. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने १५ मार्च २०२२ रोजी, न्यूझीलंडमधील क्राइस्टचर्च येथे २०१९ साली मशिदींत झालेल्या हत्याकांडाच्या स्मृतिदिनी, इस्लामोफोबियाविरोधी दिन पाळण्याचा ठराव केला. तेव्हा भारताने हिंदू, बौद्ध, शीख या धर्मांविषयीच्या अशाच भावनांचीही दखल घ्यावी अशी भूमिका मांडली. म्हणजे जिथे ही संज्ञा घडली आणि जिथे ती पोहोचली, तिथेही तिच्याविषयी एकमत नाही. ती जशीच्या तशी मराठीत आणताना हा वाद डोळ्यांआड करून चालणार नाही.

४. 'इस्लामभय' या समासातील दोष

'इस्लामभय' हा सामासिक शब्द मराठीच्या प्रकृतीला मानवतो का, हे पाहण्यासाठी त्याचा विग्रह करावा. 'भय' हे उत्तरपद असता विग्रहात पंचमी येते. पाणिनीने त्यासाठी स्वतंत्र सूत्र दिले आहे, आणि आपल्या शालेय व्याकरणांत पंचमी तत्पुरुषाचे नेहमीचे उदाहरण म्हणजे 'चोरभय' : चोरापासून भय. 'सर्पभय', 'व्याघ्रभय' हेही याच जातीचे. या सर्व समासांत पूर्वपद हे भयाचे खरोखरीचे कारण असते. चोर चोरी करतो, सर्प दंश करतो, वाघ फाडून खातो. 'इस्लामभय' या पंक्तीत बसविला की इस्लामला चोराची आणि सर्पाची जागा मिळते. जी वृत्ती दोषास्पद म्हणून दाखवायची, तिचेच गृहीतक समास मान्य करून टाकतो. इंग्रजीतील 'फोबिया' या पदाला वैद्यकातून आलेली 'अकारण, अवाजवी भीती' अशी छटा आहे. मराठी 'भय' शब्दाला ती नाही.

यावर 'इस्लामभयगंड' असा तोडगा निघू शकतो. 'न्यूनगंड', 'अहंगंड' यांच्या धर्तीवर बनलेला हा शब्द विकृतीची छटा आणतो खरा. पण मग दुसरी अडचण उभी राहते. गंड हा रोग्याचा असतो, आणि रोग्याला आपण दोष देत नाही, उपचार सुचवितो. सोसायटीच्या सभेत मुस्लिमांना सदनिका विकू नये असे ठरविणारे सभासद भयाने पछाडलेले असतात, असे म्हणणे वस्तुस्थितीला धरून नाही. ते शांतपणे, बहुमताने, चहा घेत हा निर्णय करतात. त्यांच्या कृतीत भीतीपेक्षा सोय आणि सवय अधिक असते.

५. 'मुस्लिमद्वेष' आणि दलवाईंची कसोटी

प्रस्तुत लेखकाच्या मते या वृत्तीच्या उघड आणि वैरभावयुक्त स्वरूपासाठी 'मुस्लिमद्वेष' हीच संज्ञा स्वीकारणे योग्य होईल. हा षष्ठी तत्पुरुष तत्त्वतः द्व्यर्थी आहे. मुसलमानांनी केलेला द्वेष असाही विग्रह करता येईल, हे खरे. परंतु 'स्त्रीद्वेष', 'ब्राह्मणद्वेष' या रूढ शब्दांत पूर्वपद हे द्वेषाचा विषय म्हणूनच समजले जाते. त्यामुळे अर्थाविषयी संदेह राहत नाही.

या संज्ञेचा मुख्य गुण असा, की ती धर्माची चिकित्सा आणि माणसांचा तिरस्कार यांत भेद करते. हा भेद खरोखर साधतो की नाही, हे पाहण्यासाठी महाराष्ट्रापाशी एक नेमकी कसोटी आहे, ती म्हणजे हमीद दलवाई. १८ एप्रिल १९६६ रोजी तोंडी तलाकविरुद्ध सात मुस्लिम स्त्रियांचा मोर्चा मुंबईत विधिमंडळावर नेणारे, १९७० साली पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळाची स्थापना करणारे, मुस्लिम परंपरेची आणि राजकारणाची कठोर चिकित्सा करणारे दलवाई कोणत्या बाजूला पडतात? 'इस्लामविरोध' वा 'इस्लामभय' या संज्ञा ढिलेपणाने वापरल्या तर दलवाई त्यांत सापडतात, आणि त्यांना गप्प करू पाहणाऱ्यांच्या हाती एक नवे हत्यार येते. 'मुस्लिमद्वेष' या संज्ञेत ते बसत नाहीत, कारण त्यांची सारी धडपड मुस्लिम समाजाच्या, विशेषतः मुस्लिम स्त्रीच्या, हितासाठी होती. त्याच वेळी, दलवाईंची वाक्ये संदर्भातून तोडून सबंध समाजाची निंदा करण्यासाठी जे वापरतात, ते मात्र या संज्ञेत निश्चितपणे येतात. एकच वाक्य दोन तोंडी दोन अर्थांचे होते, हे दाखवून देण्याची क्षमता ज्या संज्ञेत आहे ती चांगली संज्ञा होय.

धर्मविचार आणि जनसमूह यांत असा भेद करण्याची परंपरा आपल्याकडे नवी नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३८ साली मनमाड येथील रेल्वे कामगारांच्या परिषदेत ब्राह्मण्य हा शत्रू होय असे सांगताना, आपल्याला ब्राह्मण जातीची सत्ता वा हितसंबंध अभिप्रेत नसून स्वातंत्र्य, समता व बंधुता यांचा अभाव अभिप्रेत आहे, असा खुलासा केला होता. 'ब्राह्मण्य' आणि 'ब्राह्मण' यांतील हे अंतर ज्या भाषेने पचविले, त्या भाषेला 'इस्लामची चिकित्सा' आणि 'मुस्लिमद्वेष' यांतील अंतर अवघड वाटण्याचे कारण नाही.

६. द्वेषाविना पूर्वग्रह

तथापि, एवढ्याने काम भागत नाही. 'द्वेष' ही सचेत, उत्कट भावना आहे. वाङ्मयात आणि नित्य व्यवहारात आढळणारा दुजाभाव पुष्कळदा द्वेषाशिवायच वावरतो. 'मुसलमान असूनही किती शुद्ध मराठी बोलतात!' हे वाक्य कौतुकाचे आहे, आणि बोलणाऱ्याच्या मनात द्वेषाचा लवलेश नसतो. परंतु 'असूनही' हे रूप अपेक्षाभंग सुचविते. मुसलमान असणे आणि चांगले मराठी बोलणे यांत स्वाभाविक विरोध आहे, असे ते गृहीत धरते. 'आमच्याकडे मराठी आणि मुसलमान दोन्ही आहेत' या वाक्यातही तेच. २०११ च्या जनगणनेनुसार महाराष्ट्रात सुमारे १ कोटी ३० लक्ष, म्हणजे लोकसंख्येच्या ११.५ टक्के मुसलमान आहेत. त्यांत ज्यांच्या घरात पिढ्यानुपिढ्या मराठीच्या बोली नांदत आल्या असे कोकणातील मुसलमान आहेत. त्या सर्वांना एका 'आणि'ने मराठीच्या बाहेर काढले जाते.

'लांगूलचालन' हा शब्द याचेच दुसरे उदाहरण. धन्यापुढे कुत्र्याने शेपूट हलविणे, हा त्याचा संस्कृतातील अर्थ. आजच्या मराठीत तो मुख्यतः 'मुस्लिमांचे लांगूलचालन' या एकाच शब्दबंधात शिल्लक राहिला आहे. शब्दशः पाहिले तर शेपूट हलविणारा पुढारी आहे आणि मुसलमान अन्नदाता धनी आहे. न्यायमूर्ती राजिंदर सच्चर समितीच्या २००६ सालच्या अहवालाने शिक्षण, नोकरी, कर्जपुरवठा या क्षेत्रांतील जी स्थिती मांडली, ती धन्याची नव्हे. राष्ट्रविरोधी ठरविले जाणे आणि लाडावले गेल्याचा आरोप होणे असा दुहेरी भार या समाजावर आहे, असे त्या अहवालात म्हटले आहे. आपला रूढ शब्दबंध या भारात भर घालतो, आणि आपण तो सवयीने वापरतो.

अशा वृत्तीला 'द्वेष' म्हणणे अतिव्याप्त होईल. तिच्यासाठी 'मुस्लिमविषयक पूर्वग्रह' ही संज्ञा ठेवावी. मराठीत याला 'अढी' असा एक सुंदर देशी शब्द आहे. मनात अढी असते, ती बोलून दाखविली जात नाही, आणि धरणाऱ्याला ती कित्येकदा जाणवतही नाही. शास्त्रीय लेखनात 'पूर्वग्रह' आणि विवेचनाच्या ओघात 'अढी' असे दोन्ही शब्द सुखाने नांदू शकतील. घर, नोकरी, प्रवेश नाकारण्यासारख्या प्रत्यक्ष कृतीला मात्र 'भेदभाव' हाच शब्द लावावा. कृती सिद्ध करण्यासाठी कर्त्याचे मन उघडून पाहण्याची गरज नसते. अशा रीतीने मन, वाणी आणि कृती यांसाठी पूर्वग्रह, द्वेष आणि भेदभाव अशा तीन पायऱ्या मानल्या, तर विवेचनात नेमकेपणा येईल.

७. काही आक्षेप

या मांडणीवर दोन आक्षेप संभवतात. एकाच समाजाविषयीच्या द्वेषासाठी स्वतंत्र संज्ञा कशाला. 'परधर्मद्वेष' हा व्यापक शब्द पुरेसा नाही का, हा पहिला. व्यापक शब्द आवश्यकच आहे. पण तो विशेष शब्दाची जागा घेऊ शकत नाही. 'स्त्रीद्वेष' या शब्दाने पुरुषांवरील अन्याय नाकारला जात नाही, तसेच 'मुस्लिमद्वेष' या शब्दाने मुस्लिम जमातवाद वा हिंदुद्वेष अस्तित्वात नाही असे सूचित होत नाही. जेथे ते आढळतात तेथे त्यांचीही नावे घ्यावीत. प्रत्येक दोषाला त्याचे नाव द्यावे, एवढेच म्हणणे आहे. एकाची आठवण दुसऱ्याला उत्तर म्हणून काढण्याची रीत मात्र अभ्यासात चालू नये.

नुसत्या शब्दाने काय होणार, हा दुसरा आक्षेप. शिवाशिव, विटाळ, सोवळे-ओवळे हे शब्द मराठीत शतकानुशतके होते. ते आचाराचे शब्द होते, पाळणाऱ्यांचे शब्द होते. या आचारसमूहाला 'अस्पृश्यता' असे भाववाचक नाव मिळाले आणि महर्षी विठ्ठल रामजी शिंदे यांनी १९३३ साली 'भारतीय अस्पृश्यतेचा प्रश्न' असा ग्रंथ लिहिला, तेव्हा ती पाळण्याची गोष्ट राहिली नाही. विचारण्याची गोष्ट झाली. पुढे राज्यघटनेच्या १७ व्या अनुच्छेदाने ती नष्ट केली, तीही याच नावाने. नाव दिल्याने अन्याय संपत नाही, हे त्यानंतरच्या अनुभवाने दाखविलेच आहे. पण ज्याला नावच नाही त्याच्याविरुद्ध ठराव, कायदा वा प्रबंध यांपैकी काहीच लिहिता येत नाही.

८. समारोप

मराठी विभागांतून काम करणाऱ्यांना यातून काही गोष्टी तत्काळ करता येतील. जुन्या ग्रंथांतील 'यवन', 'म्लेच्छ', 'अविंध' हे शब्द बदलू वा गाळू नयेत. पण संपादित आवृत्तीत त्या त्या स्थळी त्यांचा अर्थ वंशवाचक आहे, धर्मवाचक आहे की अवहेलनावाचक, हे टीपेत सांगावे. स्वतःच्या विवेचनात मात्र हे शब्द अभ्यासकाने आपले म्हणून वापरू नयेत. कादंबरीतील निवेदक एखाद्याला 'यवन' म्हणतो, तेव्हा समीक्षकानेही त्याला त्याच नावाने संबोधिले तर समीक्षक आणि निवेदक यांतील अंतरच संपते. 'जातीय' हे विशेषण जातिसंस्थेपुरते राखून ठेवावे, राजकीय विचारप्रणालीस 'जमातवाद' म्हणावे, आणि मुसलमान माणसांविषयीच्या वैरभावाला 'मुस्लिमद्वेष' असे स्पष्टपणे लिहावे. 'इस्लामभय' हा शब्द पाश्चात्त्य संज्ञेचा इतिहास सांगण्यापुरता ठेवावा.

या सूचनांविषयी मतभेद होऊ शकतील. याहून चांगला शब्द कोणी सुचविला तर तो अवश्य स्वीकारावा. परंतु ज्या भाषेतील एका लेखकाने साडेतीन-चारशे वर्षांपूर्वी स्वतःला अविंध म्हणवून घेत तिच्यात अध्यात्मग्रंथ रचला, त्या भाषेच्या अध्यापकांनी आज त्याच्याच धर्मातील विद्यार्थ्यांसमोर 'असूनही' हा शब्द उच्चारताना क्षणभर थांबावे, एवढी अपेक्षा बाळगणे गैर ठरू नये.